येसू पळत नव्हती!

शपथ घेऊन सांगते, यातला शब्दन् शब्द खरा आहे. खोटं निघालं तर माझे उरलेले दोन दातही पाडा!

२०४९ साल. रत्नागिरीच्या संग्रहालयात अकरा वर्षांची सावनी रागाने लालबुंद झाली होती. समोर सव्वाशे वर्षांहून जुना छोटा मूकपट (आवाज नसलेला सिनेमा) चालू होता. कौलांच्या कारखान्याचा. त्यात सावनीच्या पणजीची आजी, येसू, डोक्यावर कौलं घेऊन तुरुतुरु पळत होती. चावी दिलेली बाहुलीच जणू! आणि मूकपट चालवणारा, चंद्रावरून आलेला यंत्रमानव सोम खो-खो हसत होता.

"झकास! चारच्या यानाने नेतो. आमच्या शाळेत 'पृथ्वीवरची गंमत' म्हणून दाखवीन."

"गंमत? अरे, डोक्यावर ओली कौलं घेऊन कुणी पळतं का? तू पळून दाखव!"

"मग ही कशी पळते?"

सावनीने पडद्याकडे निरखून पाहिलं. खरंच, कशी?

तेवढ्यात पडद्यावरच्या यंत्राच्या काठावरून मातीचा गोळा पटकन खाली पडला. कौलं दाबायचं तेच यंत्र शेजारी मांडलेलं होतं. सावनीचे डोळे चमकले.

"माणूस पळेल, नाहीतर रेंगाळेल. पडणारा गोळा घाई करत नाही. गुरुत्वाकर्षण (पृथ्वीची ओढ) तेव्हाही एवढंच होतं." तिने यंत्राच्या त्याच काठावरून खोडरबर सोडलं. "किती वेळ लागला?"

"अर्धा सेकंद. आमच्याकडे सव्वा लागला असता."

"म्हणूनच गोळा भलताच झटकन पडला हे तुला खटकलं नाही! आता तो गोळा किती चौकटींत (सिनेमा बनतो ते एकेक चित्र) पडतो, मोज."

"आठ."

"अर्ध्या सेकंदात आठ, म्हणजे सेकंदाला सोळा. तेव्हा माणूस हाताने दांडा फिरवून कॅमेरा चालवायचा. तू किती दाखवतोयस?"

"चोवीस," सोम पुटपुटला.

"दीडपट! पळवतोयस तू, आणि हसतोस माझ्या येसूला?"

सोमने वेग सोळावर आणला. येसू चालू लागली. मान ताठ, पाऊल जपून, एकही कौल हललं नाही. दाराशी पोचल्यावर वळून तिने सावनीला चक्क डोळा मारला.

सोमने आपल्या नोंदीतलं 'गंमत' खोडून लिहिलं, 'येसू, कौल कामगार. वेग सोळा.' मग खालच्या आवाजात म्हणाला, "आमच्याकडे असे दोनशे मूकपट आहेत गं. विणकर, कोळी, हत्तीसुद्धा. सगळे पळतायत."

"घेऊन ये. सगळ्यांना आपापल्या चालीने चालवू."

बरं बाई, कबूल. डोळा मारल्याचं माझ्या पदरचं. मान मात्र ताठच होती, हं!