रिकाम्या क्वार्टरमधल्या बांगड्या

"भैया, एक चाय. चीनी कम, अदरक तेज."

दिल्लीत, द्वारकेतल्या टपरीवर हा आवाज आला आणि उत्तराच्या हातातला ग्लास तोंडाशीच थांबला. माणूस तिनं जन्मात पाहिला नव्हता. पण आवाज? अहो, दोन महिने तो आवाज तिच्या कानात मुक्काम ठोकून होता! ती सिनेमाचं एडिटिंग करणारी, तुकडे कापणारी, जोडणारी. आणि हा शूटिंगवर आवाज रेकॉर्ड करणारा. दर तुकड्याआधी हा माइकमध्ये म्हणायचा, "सीन बारा, टेक तीन," आणि हळूच खाकरायचा. त्या खाकरण्यावर पोरगी कधी भाळली, तिचं तिलाच कळलं नाही.

"अंशुमन?"

तो वळला. उंच, शिडशिडीत, अंगात निळा स्वेटर. "आपण...?"

"उत्तरा. तुमचं खाकरणं रोज कापते."

"अच्छा! म्हणजे माझा गळा कापणाऱ्या त्या तुम्हीच!"

"कापते... पण फेकत नाही—" बोलून गेली आणि जीभ चावली.

धुकं असं दाट, की समोरची सोसायटीच गायब. डोक्यावरून विमान घरघरत गेलं, तेही दिसलं नाही. उत्तराच्या मनात मात्र कालपासून एक काटा सलत होता. तिनं एकदाचं विचारलंच.

"सरोजिनी नगरच्या त्या सरकारी क्वार्टरमध्ये शांतता रेकॉर्ड केलीत ना, तेव्हा बरोबर... बायको होती?"

आता ही शांतता म्हणजे काय? तर शूटिंग झालं, की रिकाम्या खोलीचा नुसता आवाज घेऊन ठेवतात, पुढं एडिटिंगला लागतो म्हणून. तेव्हा कुणी जोरात श्वाससुद्धा घ्यायचा नाही.

"बायको? यार, लग्न कुठं झालंय माझं! सगळ्यांना बाहेर काढून मी एकटाच होतो आत."

उत्तराला बरं वाटलं. आणि लगेच अंगावर काटा आला.

"मग बांगड्या कुणाच्या वाजतायत?"

दोघं तिच्या स्टुडिओत गेली. तिनं रेकॉर्डिंग लावलं, हेडफोन त्याला दिला. त्यानं डोळे मिटून ऐकलं.

"काही नाही हो. साफ आहे एकदम."

तिनं हेडफोन आपल्या कानाला लावला. होत्या ना! काचेच्या बांगड्या, अगदी माइकजवळ. आणि बाईचा आवाज, मायेचा, जरा दटावणीचा.

"ती म्हणते..." उत्तरानं हेडफोन कानाशी दाबला. "'गुंड्या, स्वेटर घाल आधी.'"

अंशुमन खुर्चीत मटकन बसला. तोंडावरचा रंगच उतरला.

"हे नाव तुम्हाला कुणी सांगितलं?"

"कुणी नाही. आत्ता ऐकलं."

"बाबांना तेच क्वार्टर होतं. मी तिथंच वाढलो. आई तिथंच गेली." त्यानं स्वेटरची बाही चाचपली. "गुंड्या फक्त तीच म्हणायची. हा स्वेटर तिनंच विणलाय... रेकॉर्डिंगच्या दिवशी मी तो काढून खिडकीत ठेवला होता. माइकवर घासला जातो म्हणून."

खोलीत एकदम गार झालं. हीटर तर चालू होता.

"ते क्वार्टर पाडणार आहेत आता," तो म्हणाला. "हे पुसू नका. प्लीज."

"वेडे का तुम्ही? पुसेन मी?"

"आणखी काय म्हणते?"

उत्तरानं पुन्हा कान दिला. मग तिचे गाल लालेलाल झाले.

"म्हणते... 'हिला थंडी वाजतेय. तुझा स्वेटर हिला दे.'"

अंशुमन ओल्या डोळ्यांनी हसला. स्वेटर काढून तिच्या खांद्यावर टाकला, आणि हात तिथंच राहिला.

"खरं सांगा. हे आई म्हणाली, की तुम्ही?"

"मी," उत्तरा पुटपुटली. "रेकॉर्डिंग केव्हाच संपलंय."

तिनं हेडफोन काढून टेबलावर ठेवला. मशीन बंद केलं.

आणि बंद मशीनच्या स्पीकरमधून, हळूच... बांगड्या वाजल्या. कुणी तोंडावर हात ठेवून हसावं, तशा.

या वेळी त्यालाही ऐकू आल्या.