मानाची मूठ

"ही बिअर मेलीय," मावशी म्हणाल्या आणि त्यांनी ग्लास खाली ठेवला.

बारा माणसांच्या हातांत बारा ग्लास होते. बाराही ओठांपर्यंत जाऊन थांबले.

मावशी स्वतः बिअरचा थेंबही घेत नसत. पाणीपुरवठ्याच्या प्रयोगशाळेत त्यांची तेहतीस वर्षं गेली. नळाच्या पाण्याचा वास घेऊन कुठल्या गल्लीतला पाइप गळतोय ते त्या सांगत. लोक तर म्हणतात, एकदा त्यांनी त्या पाइपावर बसलेल्या मांजराचा रंगही सांगितला होता. मांजराचं सोडा, गल्लीचं खरं आहे. निवृत्त झाल्यावर डॉक्टरांनी गुडघ्यांसाठी चालायला सांगितलं. एकटीनं चालायचा कंटाळा, म्हणून त्या दर शनिवारी सकाळी शहरातल्या छोट्या बिअरभट्ट्यांच्या पायी फेरीला यायच्या. तीन भट्ट्या, दोन तास. बाकीचे बिअर चाखायचे, मावशी नुसता वास घ्यायच्या.

फेरीतली पहिली भट्टी दोघा भावांतल्या थोरल्याची.

"मेलीय म्हणजे?" थोरला गुरगुरला. माणूस टाकीएवढा रुंद आणि टाकीएवढाच बंद.

"भिजलेल्या खोगिराचा वास येतोय. तूच घे."

थोरल्यानं घोट घेतला आणि थुंकला. त्याचा चेहरा उतरला, मग लाल झाला. तसाच तो शिडीवरून टाकीच्या तोंडाशी चढला. फेरीच्या वाटाड्यानं पाहुण्यांना आत डोकावू देण्यासाठी झाकण मघाशीच उघडून ठेवलं होतं. थोरल्यानं आत पाहिलं, हात घातला आणि फेसावर तरंगणारं काहीतरी वर काढलं.

लाकडाचं बूच.

त्या भट्टीत टाक्या स्टीलच्या, नळ्या स्टीलच्या. शिडीसुद्धा लोखंडी.

"धाकट्याचं!" थोरला ओरडला. "लाकडी पिंपं एकट्या त्याच्याकडे आहेत. माझा सख्खा भाऊ! बापाचं यीस्ट होतं हे. चाळीस वर्षं एका टाकीतून दुसऱ्या टाकीत जपत आणलेलं!"

"थोडं बाजूला काढून ठेवलं नव्हतंस?"

"नाही. चोरीला गेलं असतं म्हणजे?"

पायाला जपणारा माणूस डोक्यावर आपटतो, तशातलंच हे.

थोरल्यानं तिथंच फोन लावला. लायसन्स खात्याचा साहेब तासाभरात येतो म्हणाला. फोन ठेवून थोरला सगळ्यांकडे वळला. "संध्याकाळच्या आत त्याच्या भट्टीला सील लागेल. त्यानं माझं बुडवलं, मी त्याचं बुडवतो. मग दोघं भाऊ बसू रस्त्यावर, पण समोरासमोर नाही!"

पाहुणे दाराकडे सरकू लागले. वाटाड्यानं त्यांना हलकेच थांबवलं. पन्नाशीचा, काटकुळा, बोलायला लोण्यासारखा. "थांबा मंडळी. असा तमाशा पुन्हा तिकीट काढूनसुद्धा मिळायचा नाही."

मावशी उलट्या क्रेटवर बसल्या. "तासभर आहे ना? मग धाकट्याला बोलवा. सील लावायच्या आधी त्याचं तोंड तरी बघू."

"मी त्याच्याशी आठ वर्षं बोललेलो नाही."

"बोलू नकोस. बोलायला मी आहे."

एक पाहुणा धाकट्याला आणायला गेला. तोवर मावशींनी बूच हातात घेऊन पाहिलं. बाहेरून ओलं होतं. त्यांनी थोरल्याकडून सुरी मागून घेतली आणि बूच मधोमध चिरलं. आत लाकूड पांढरं, कोरडं, खडखडीत.

दाराशी हात धुवायचं घमेलं होतं. थोरल्याचा नियमच होता, त्यात हात बुडवल्याशिवाय कुणी आत पाऊल टाकायचं नाही. व्हिनेगरसारखा उग्र वास मारणारं औषध. मावशींनी घमेल्यावर वाकून वास घेतला.

"हे औषध कधी बदललंस का रे?"

"कधीच नाही. पंधरा वर्षं हेच."

"घमेलं भरतं कोण?"

"शनिवारी वाटाड्या. आधी तो इथंच कामाला होता, त्याला माहीत आहे."

"आणि टाकी शेवटची कधी उघडली होती?"

"तीन आठवड्यांपूर्वी. हॉप्स टाकायच्या दिवशी."

हॉप्स म्हणजे बिअरला कडूपणा आणि वास देणारी वाळलेली फुलं. ती टाकायचा दिवस थोरल्याकडे मोठा असे. फेरीतल्या प्रत्येक पाहुण्यानं शिडी चढायची आणि मूठभर फुलं टाकीत सोडायची. याला तो मानाची मूठ म्हणायचा. मग झाकण बंद, ते थेट बिअर तयार झाल्यावर, म्हणजे आज, उघडायचं. मध्ये चव घेणं त्याला पाप वाटे.

मावशींनी आपल्या उजव्या हाताकडे पाहिलं. तीन आठवड्यांपूर्वी एक मूठ त्यांनीही टाकली होती.

धाकटा आला. गुडघ्यापर्यंत रबरी बूट, अंगाला आंबूस वास. मोठ्या भावाकडे न बघता त्यानं मावशींना विचारलं, "काय झालं?"

"हे बूच तुझं?"

"माझंच. पण इथं कसं आलं?"

"तेच विचारायचंय. दादाची बिअर जंगली यीस्टनं आंबलीय. आंबट बिअरसाठी तू पिंपांत पाळतोस ना, तसलंच."

धाकटा पांढराफटक पडला. "मी नाही केलं."

"सगळे चोर हेच म्हणतात!" थोरला भिंतीकडे बघून म्हणाला.

"तू गप्प बस," मावशी म्हणाल्या. "धाकट्या, असलं यीस्ट आज टाकीत पडलं, तर बिअर किती दिवसांत अशी होईल?"

"दिवसांत? दोन-तीन आठवडे तरी हवेत."

"आणि हे बूच तीन आठवडे बिअरमध्ये पडून राहिलं असतं तर?"

धाकट्यानं चिरलेले तुकडे हातात घेतले. "पार भिजून गेलं असतं. हे तर आत कोरडं आहे. हे आजच पडलंय."

मावशींनी तुकडे परत मागून घेतले.

"आता दोघांना एकच प्रश्न," मावशी म्हणाल्या. "एकमेकांकडे बघू नका, माझ्याकडे बघा. फेरी नेहमी थोरल्यापासून निघते आणि धाकट्यापाशी संपते. का?"

"माझ्याकडचं यीस्ट हाताला, कपड्यांना चिकटतं," धाकटा म्हणाला. "माझ्याकडून कुणी दुसऱ्या भट्टीत जायचं नाही, असा नियमच आहे."

"पण त्या हॉप्सच्या शनिवारी आम्ही आधी तुझ्याकडे आलो. फेरी उलटी झाली. ती कुणी उलटवली?"

"दादानं!" धाकटा लगेच म्हणाला. "त्याला सकाळी वेळ नव्हता. आणि माझ्यानंतर तो लोकांना आत घेणार नव्हता, दुरूनच भट्टी दाखवणार होता."

"मी?" थोरला गरकन वळला. "ह्यानंच लोकांना आणू नका सांगितलं, म्हणून फेरी उशिरा थेट माझ्याकडे आली! सकाळी ह्याची पिंपं धुवायची होती म्हणे. ह्याच्याकडे त्या दिवशी कुणी जाणारच नव्हतं!"

"मी कधी सांगितलं?"

"मग मी कधी सांगितलं?"

आठ वर्षांत भाऊ पहिल्यांदा एकमेकांशी बोलले, आणि बोलले ते असं.

"तुम्हांला कुणी सांगितलं?" मावशींनी विचारलं.

दोघांची बोटं एकाच दिशेला वळली.

वाटाड्या शिडीला टेकून उभा होता. लोणी अजून वितळलं नव्हतं. "मावशी, निरोप्याचा घोळ होतो कधीकधी."

"एक घोळ झाला असता तर मी सोडून दिला असता. त्या दिवशी धाकट्याकडे तू आम्हां सगळ्यांना पिंपाच्या ओल्या लाकडावरून हात फिरवायला लावलास. एरवी नुसतं लांबून दाखवतोस. तिथून आम्हांला इथं आणलंस. घमेल्याला वास नव्हता. मी विचारलं, तर म्हणालास, नवीन औषध आहे मावशी, बिनवासाचं."

"बिनवासाचं?" थोरला म्हणाला.

"तुझ्याकडे असलं औषध कधी आलंच नाही. घमेल्यात होतं नुसतं पाणी. मग आम्ही एकेक करून शिडी चढलो आणि मानाची मूठ टाकली. त्यांतली एक मूठ माझी." मावशींनी उजवा हात पुढं धरला. "आज नळाला गढूळ पाणी आलं म्हणजे पाइप आजच फुटला, असं नसतं. गळती आधीची असते. हा टाकीला हात न लावता मोकळा राहिला, खून आम्हां पाहुण्यांनी केला."

"आणि बूच?" धाकट्यानं विचारलं.

"त्या बुचानंच घात केला त्याचा. नुसती बिअर आंबली असती, तर दादानं कदाचित स्वतःच्या नळ्यांना दोष दिला असता. ह्याला तुझं नाव हवं होतं. म्हणून आज झाकण उघडताना बाहीतून बूच आत सोडलं. पण तोवर बिअर कुणीच चाखली नव्हती. ती आंबलीय हे फक्त आंबवणाऱ्याला माहीत होतं. आज झाकण उघडायला वर कोण चढलं होतं?"

सगळे वाटाड्याकडे वळले.

वाटाड्या हसला. पकडला गेलेला माणूस असा हसत नाही. जेवून उठलेला माणूस हसतो तसा तो हसला.

"नऊ वर्षांपूर्वी इथं एक टाकी आंबली, मालक. आठवतंय? तुम्ही मला ह्याच शिडीखाली उभं केलंत. सगळ्या कामगारांसमोर माझे हात वर धरलेत आणि म्हणालात, ह्याचे हात घाणेरडे आहेत. त्यानंतर शहरातल्या एकाही भट्टीनं मला कारागीर म्हणून दारात उभं केलं नाही. कारागीर होतो मी! आता घंटी वाजवत लोकांना दुसऱ्यांच्या टाक्या दाखवतो."

"आंबवली होतीसच तू," थोरला म्हणाला.

"ह्याला विचारा." वाटाड्यानं धाकट्याकडे हनुवटी केली. "गेल्या वर्षी दोन ग्लास जास्त झाले ह्याला. हसत हसत म्हणाला, अरे, तेव्हा ती खालची नळी मी धुतलीच नव्हती! मजाच झाली म्हणाला. मीही हसलो. हसता हसताच ठरवलं, टाकी थोरल्याची जाईल आणि भट्टी धाकट्याची. आणि करायचं हातांनीच. पण माझ्या नाही. माझे स्वच्छ ठेवायचे."

थोरल्यानं हळूहळू मान वळवून भावाकडे पाहिलं. धाकटा बुटांकडे बघत होता.

"बघा, बघा," वाटाड्या म्हणाला. "हे तोंड बघायचं होतं मला. सील लागो न लागो, माझं काम झालं."

बाहेर मोटार थांबली. लायसन्सवाला साहेब काखेत वही धरून आत आला. बारा पाहुणे, दोन भाऊ, शिडीला टेकलेला काटकुळा माणूस आणि क्रेटवर बसलेल्या मावशी. त्यानं सगळ्यांवरून नजर फिरवली आणि वही उघडली.

"तक्रार कुणाविरुद्ध?"

तासापूर्वी थोरल्याच्या जिभेवर एक नाव तयार होतं. आता तिथं दुसरं होतं, आणि पहिलंही अजून गेलं नव्हतं.

"वाटाड्याविरुद्ध," मावशी म्हणाल्या. "साक्षीदार मी. हत्यारही मीच, तेही लिहा."

"लिहा, लिहा," वाटाड्या खुशीत म्हणाला. "ठळक लिहा."

"थांबा." धाकटा पुढं आला. त्यानं आवाज दारापर्यंत पोचवला. "आधी दुसरं लिहा. नऊ वर्षांपूर्वी इथली टाकी माझ्यामुळे आंबली. नळी मी धुतली नव्हती. दादाला घाबरून गप्प बसलो. ह्याचा काही दोष नव्हता. ह्याचे हात स्वच्छ होते."

साहेबाचं पेन थांबलं. थोरल्यानं टोपी काढली आणि नुसती हातात धरून राहिला.

वाटाड्याचं हसू आधी डोळ्यांतून गेलं, मग ओठांवरून. तो शिडीच्या खालच्या पायरीवर बसला. दोन्ही तळवे त्यानं समोर धरले आणि परक्याचे असावेत तसे कितीतरी वेळ बघत राहिला.

"आज म्हणतोस?" तो धाकट्याला म्हणाला. "आजच?"