डावा कान

त्या शुक्रवारी दुपारी निवेस सान्ता इलारियाच्या चर्चला निघाली तेव्हा तिच्या मनात भीतीबिती काही नव्हती. एक काळजी होती, पण ती जुनी होती आणि तिने कुणालाच सांगितलेली नव्हती. इटलीतल्या राव्हेन्नात नोव्हेंबरातलं धुकं जेवणाआधीच उतरतं, आणि मग मुक्कामाला आलेल्या पाहुण्यासारखं हलायचं नाव घेत नाही. समोरचं काही दिसत नव्हतं. सायकलची घंटी वाजवत, सवयीच्या जोरावर वळणं घेत ती कालव्यामागच्या गल्लीत शिरली.

सान्ता इलारियाला बाहेरचं कुणी येत नाही. बसमधून उतरणारे प्रवासी मोठ्या चर्चांमधली सोनेरी छतं बघून माना दुखवून घेतात, आइस्क्रीम खातात आणि जातात. विटांचं हे बुटकं चर्च त्यांच्या नकाशातच नाही. पण आत, वेदीमागच्या अर्ध्या घुमटात, दीड हजार वर्षांपूर्वी कुणीतरी काचेचे आणि दगडाचे नखाएवढे तुकडे ओल्या चुन्यात एकेक करून दाबले आहेत. हिरवं कुरण, त्यातून वाहणारा झरा, झऱ्यावर दोन हरणं आणि वर नुसतं सोनं. एक हरीण पाणी पितं. दुसरं मान वळवून मागे बघतं. कुणाकडे बघतं, ते त्या कारागिरालाच ठाऊक.

मागे एकदा जमीन हादरली, तेव्हापासून या घुमटाखाली जाळी बांधलेली होती आणि दाराला कुलूप होतं. आता रविवारी संत इलारियाचा सण होता. जाळी काढायची की ठेवायची, हे निवेसने सांगायचं होतं. तिचा तोच धंदा. तुकडे वरून जागच्या जागी दिसतात, पण मागचा चुना भिंत सोडून सुटलेला असू शकतो. तो डोळ्यांना दिसत नाही. बाजारात कलिंगड वाजवून बघतात, तसंच बोटाच्या पेराने भिंत वाजवायची आणि कान लावून ऐकायचं. आवाज भरीव आला तर ठीक, रिकाम्या डब्यासारखा आला तर आत पोकळी आहे असं समजायचं.

आणि निवेसची काळजी हीच होती. गेल्या हिवाळ्यात तिला ताप आला आणि जाताना तो तिचा डावा कान घेऊन गेला. त्याच हिवाळ्यात तिचे मास्तर गेले. लेआर्को मास्तरांनी तिला हे काम शिकवलं होतं आणि पुढे वर्षानुवर्षं दोघं जोडीने परांचीवर चढत. निवेस उजव्या हाताने दोनदा वाजवायची आणि डावा कान भिंतीला लावायची. मास्तर जरा खाली उभे राहून तळवा भिंतीवर ठेवायचे. तळव्याला थरथर जाणवली की ते उलट एकदाच वाजवायचे, लग्नाच्या अंगठीसकट. टक. मास्तरांची एक टक म्हणजे पोकळ, विषय संपला. ती अंगठी त्यांच्या बोटातच राहिली आणि त्यांच्याबरोबर मातीत गेली.

दाराशी दिर्चेआजी किल्ली घेऊन उभी होती. नव्वदीला टेकलेली, पण आवाज कोंबड्याचा.

"आलीस का ग बाई? मला वाटलं, कालव्यात पडलीस."

"पडले असते तर तुमची हाक ऐकून वर आले असते, आजी."

"जीभ चालते तसे हात चालव. माझी आई या हरणांखाली न्हाली, मी न्हाले, माझी लेक न्हाली, नात न्हाली. परवा पणतीचा बाप्तिस्मा. तिला काय आता मोरीतल्या नळाखाली धरू?"

आतून डॉन साव्हेरिओ आले. हे तिथले पाद्री, वयाने लहान, आणि चेहरा कायम परीक्षेला बसल्यासारखा. ते हळूच म्हणाले, "निवेस, वरची मंडळी म्हणतात, यंदा चर्च उघडलं नाही तर मग कायमचंच कुलूप. तुमच्यावर दडपण नको म्हणून मी सांगणार नव्हतो."

"सांगितलंत की पण."

"हो... सांगितलं खरं."

खात्रीच असल्यासारखी त्यांनी सकाळीच जाळी उतरवून ठेवली होती. बाप्तिस्म्याचं दगडी कुंड ओढून बरोबर घुमटाखाली, हरणांच्या खाली मांडलं होतं. चाकांची परांची कडेला उभी होती. निवेस ती सरकवत घुमटाशी घेऊन गेली आणि वर चढली.

वर थंडी जास्त होती. गारठलेल्या दगडाचा, विझलेल्या मेणबत्त्यांचा, उंदरांचा वास होता. दिव्याची वायर ओढून तिने उजेड केला तसं सोनं एकदम जागं झालं. इतक्या वर्षांत या क्षणाची तिला सवय झाली नव्हती, आणि व्हावी असं तिला वाटतही नव्हतं.

ती कामाला लागली. आता उजव्या कानाने ऐकायचं म्हणजे तोंड फिरवायचं आणि डाव्या हाताने वाजवायचं. सगळंच उलटं. डाव्या हाताचं बोट नीट बसत नव्हतं. तरी तिने नेटाने एकेक वीत भिंत वाजवली. कुरण भरीव. झरा भरीव. पाणी पिणारं हरीण भरीव. तिला बरं वाटत गेलं, आणि बरं वाटतंय म्हणून धाकधूकही वाटत गेली. खाली दिर्चेआजी बाकावर बसून माळ ओढता ओढता पेंगत होती. डॉन साव्हेरिओ कुणाशी तरी फोनवर बोलायला बाहेर गेले होते. खिडक्यांबाहेरचं धुकं राखाडीचं काळं होत चाललं होतं.

शेवटी राहिलं ते मागे बघणारं हरीण. निवेस थकली होती. मान आखडली होती. आणि त्या थकव्यात तिच्या हातून चूक झाली. जुन्या सवयीने तिने डावा कान भिंतीला लावला आणि उजव्या हाताने हरणाच्या मानेवर दोनदा वाजवलं.

टक.

निवेस जागच्या जागी थांबली. त्या कानात तापानंतर काही म्हणता काही आलं नव्हतं. नळाचं पाणी नाही, घंटा नाही, नवऱ्याचं घोरणंही नाही. आता आलं, आणि स्पष्ट आलं. शेवटी धातूचा बारीक नाद होता.

"आजी... तुम्ही काही वाजवलंत का?"

खालून फक्त घोरणं आलं, तेही उजव्या कानात.

तिने उजवा कान तळव्याने गच्च दाबला आणि पुन्हा वाजवलं, मानेच्या जरा डावीकडे. काही नाही. मानेवर. टक. छातीवर. टक. खाली झऱ्याच्या कडेपर्यंत. टक. सोन्यात वर गेली, तिथे शांतता. तिने खडूने खुणा केल्या. वळून उजव्या कानाने त्याच जागा ऐकल्या, तर सगळ्या भरीव, दगडासारख्या भरीव. डाव्याने ऐकल्या की उत्तर येत होतं.

"मास्तर..." तिच्या तोंडून निघून गेलं. "मास्तर, तुम्ही आहात का?"

मास्तरांच्या तंबाखूचा वास आला असता तर ती तिथेच रडली असती आणि तिची भीतीही गेली असती. पण वास आला तो ओल्या चुन्याचा. ताजा कालवलेला, अजून ऊन असलेला चुना. दीड हजार वर्षं वाळलेल्या त्या भिंतीतून तो वास आला आणि निवेसच्या अंगावर सरसरून काटा उभा राहिला.

मग न वाजवताच आवाज आला. टक. भिंतीवरचा हात तिने कधीच काढून घेतला होता. पुन्हा, टक... जरा घाईने, एखाद्याला वेळ कमी असल्यासारखा. खडूच्या खुणांच्या मधोमध. त्याच्या थेट खाली बाप्तिस्म्याचं कुंड होतं.

ती कशी उतरली ते तिला आठवत नाही. डॉन साव्हेरिओ आत येत होते. तिने परांचीची दांडी धरूनच सांगितलं, "मधला भाग सुटलाय. खाली कुणीही उभं राहायचं नाही."

पाद्रीबुवांच्या तोंडचं पाणी पळालं. ते स्वतः वर चढले, वाजवून आले. "मला तर घट्ट वाटतंय हो."

दिर्चेआजी जागी झाली होती. तिने सगळं ऐकलं आणि तिचा पारा चढला. "दुपारभर टकटक करून हेच सांगायला आलीस? त्यांनाही घट्ट लागतंय. तुला धड ऐकू तरी येतं का ग?"

तो घाव वर्मी बसला. एक शब्द जास्त बोलली असती तर सगळं बाहेर आलं असतं आणि धंदा बसला असता. निवेस एवढंच म्हणाली, "येतं, आजी. आज जरा जास्तच येतंय."

"मग काय, पोरगी तशीच ठेवू?"

"दाराशी करा. कुंड मी स्वतः ओढते. हवं तर शिव्या द्या, पण दाराशी करा."

शिव्या मिळाल्याच. त्या ऐकत निवेसने आणि डॉन साव्हेरिओंनी कुंड दारापाशी नेलं आणि अर्ध्या चर्चमधून दोर बांधून टाकला. त्या रात्री निवेसला झोप लागली नाही. चुकले असेन तर, ती विचार करत होती. एका मेल्या कानाच्या भरवशावर चर्चला कुलूप लागलं तर?

रविवारी सगळी गल्ली आली. दाराच्या फटीतून वारा येत होता आणि दिर्चेआजी सगळ्यांना ऐकू जाईल अशी पुटपुटत होती, "देवळात आलोय का स्टेशनात, काही कळत नाही." नातीच्या कडेवर पणती, इसोत्ता, शांत झोपली होती. फार शांत पोर, रडतच नाही म्हणून सगळे कौतुक करत होते. डॉन साव्हेरिओंनी तिच्या कपाळावर पाणी ओतलं. बाहेर घंटा सुरू झाली.

त्याच वेळी घुमटातून आवाज आला, जाड चादर फाडल्यासारखा. मागे बघणारं हरीण मानेपासून छातीपर्यंत, झऱ्याच्या कडेसकट, भिंतीतून सुटलं आणि खाली आलं. जमीन हादरली. धूळ उसळली. सोन्याचे तुकडे घरंगळत दोराखालून थेट दारापर्यंत, लोकांच्या बुटांपर्यंत आले. जिथे कुंड मांडलं होतं, तिथे चुन्याचा कमरेएवढा ढीग पडला होता.

मग दिर्चेआजी लोकांना बाजूला सारत निवेसपाशी आली. तिने निवेसचे दोन्ही हात घेतले, चुन्याने फाटलेली ती बोटं एकेक करून ओठांना लावली आणि हुंदका देत म्हणाली, "पोरी, मी तुला काय काय बोलले ग..."

"जाऊ द्या, आजी."

"असं कसं जाऊ द्या? माझं अख्खं घर तिथे उभं राहिलं असतं."

निवेसलाही रडू आलं. मास्तरांची इतकी आठवण तिला त्यांच्या अंत्यविधीलाही आली नव्हती. कोण होतं ते होतं. त्याने वाचवलं, एवढं खरं होतं, आणि तिचं मन त्याच्यापुढे हात जोडून उभं होतं.

मग शेजारच्या खोलीत जेवणं झाली. गरम रश्श्यातली, सारण भरलेली कापेल्लेत्ती आणि लाल दारू. डॉन साव्हेरिओ आनंदाने सांगत सुटले होते की वरच्या मंडळींचा फोन आला होता, एवढं घडल्यावर आता दुरुस्ती होणार, चर्च बंद पडणार नाही. लोक हसत होते, एकमेकांना मिठ्या मारत होते. दिर्चेआजीने इसोत्ताला उचललं आणि निवेसच्या हातात दिलं. "घे. आज ही तुझी. दूध प्यायलीये, जरा ढेकर काढ."

निवेसने बाळाला डाव्या खांद्यावर घेतलं. ऊन, दुधाचा वास येणारं ओझं. बाळाचं अंग तिच्या मेल्या कानाला टेकलं. हसत हसत तिने उजव्या हाताने त्या इवल्याशा पाठीवर हलकेच थोपटलं. दोनदा.

टक.

निवेसचं हसू तिथेच थिजलं. तिने पुन्हा थोपटलं. टक. धातूचा बारीक नाद होता, आणि रश्श्याच्या वाफेमधून ओल्या चुन्याचा वास आला.

"काय झालं ग?" नातीने विचारलं. "अशी पांढरी का पडलीस?"

"हिला... उद्याच्या उद्या डॉक्टरकडे न्या. छाती तपासून घ्या."

"काय झालंय तिला? किती गुणी आहे, रडतसुद्धा नाही."

"म्हणूनच न्या," निवेस म्हणाली. या खेपेला दिर्चेआजीने फक्त निवेसकडे बघितलं आणि नातीला म्हणाली, "ही सांगते ना? मग न्यायचं."

काळजाला भोक होतं. बोलोन्याच्या डॉक्टरांनी ते बुजवलं आणि म्हणाले, आणखी महिनाभर उशीर झाला असता तर अवघड होतं. आज इसोत्ता गल्लीभर धावते आणि सगळ्यांचे कान किटवते. हरीणही परत जागेवर गेलं, निवेसनेच तुकडा तुकडा वेचून बसवलं. काम संपलं त्या दिवशी तिने डावा कान लावून ते मानेपासून झऱ्यापर्यंत वाजवलं. उत्तर आलं नाही, आणि ती भिंतीला कपाळ टेकून 'उपकार झाले' म्हणाली.

दर रविवारी ती मास्तरांच्या थडग्यावर एक मेणबत्ती लावते. दुसरी हरणांखाली लावते, ती कुणाच्या नावाची ते तिला माहीत नाही. दोन्हीकडे ती मनापासून आभार मानते. कधी कधी दिर्चेआजी बरोबर असते आणि विचारते, "काय ग, तुला खोकला झालाय किती दिवस, छाती चोळत का नाहीस?" निवेस हसून विषय बदलते. रात्री ती डावा कान वर ठेवून झोपते, उशीला लागू देत नाही. आणि कितीही उबळ आली तरी हात मुठीत आवळून धरते. स्वतःच्या छातीवर तिने अजून एकदाही वाजवून पाहिलेलं नाही.