बटणावरची चिकटपट्टी

दार लोटून घ्या रे, आणि ते मोबाईल जरा उलटे ठेवा. तुम्हाला माहीत असलेल्या भूपेंद्रचीच गोष्ट आहे. बमरोलीत, मिलकामगारांच्या वस्तीत, घरोघरी वायफाय बसवायचा, कुणाचं चोरीला जात असेल तर तपासूनही द्यायचा. भुताचं नाव काढलं की फिदीफिदी हसायचा. आता हसत नाही.

गेल्या भाऊबीजेची रात्र. मिलला सुट्टी, अख्खी चाळ खानदेशात गेलेली, खोल्यांना कुलपं. मागे फक्त मंगलाबाई आणि तिची योगिता. हिलाल, म्हणजे मंगलाबाईचा नवरा, जाऊन वर्ष झालं नव्हतं. मग सण कसला? घर योगिताच्या नोकरीवर चाललेलं. ती घरूनच एका कंपनीचं काम करायची. कंपनीची अट एकच, तिच्या वायफायवर परका फोन दिसता कामा नये. आणि रोज रात्री एक दिसत होता, बिननावाचा. उद्या रात्री कंपनी शेवटचं तपासणार होती. दिसला, तर नोकरी गेली.

"भो, चोर शोधी दे," मंगलाबाई म्हणाली. "पोरना पगार गया, ते आम्ही काय खासूत?"

भूपेंद्रला भोक लगेच सापडलं. ते त्यानेच ठेवलं होतं. हिलालला इंग्रजी अक्षरं वाचता येत नसत, म्हणून पासवर्डाऐवजी त्याने राउटरचं बटण दाखवलं होतं. ते दाबलं की जवळचा कुठलाही फोन पासवर्डाशिवाय जोडला जातो. हिलाल मिलच्या रंगखात्यातून यायचा तो आधी बटण दाबायचा, मग चहा. बोटांचा निळा रंग सुट्टीच्या दिवशीही जात नसे त्याच्या.

भूपेंद्रने पासवर्ड बदलला. बटणाची सोय आतून बंद केली. वर काळी चिकटपट्टी लावली. राउटर होता त्या आतल्या खोलीला कुलूप घालून किल्ली खिशात टाकली.

"आता ब्रह्मदेवाचा बाप आला तरी जोडला जाणार नाही, मावशी."

तिघं बाहेरच्या खोलीत बसले. लॅपटॉपवर दोनच नावं. योगिताचा लॅपटॉप, भूपेंद्रचा फोन.

हिलालची पाळी सुटायची ती वेळ झाली.

आतून आवाज आला... टक्.



पडद्यावर तिसरं नाव. हिलाल.

"त्यांचा फोन... कुठे आहे?" भूपेंद्रने विचारलं.

मंगलाबाईने पेटी उघडली. फोन तिथेच. बंद. फुगलेली बॅटरी कधीच काढून टाकलेली.

भूपेंद्रचा हात खिशात होता. किल्ली होती. उठवेना.

योगिता उठली. बंद दाराला कपाळ टेकलं. रडू फुटलं तिला.

"पप्पा... मन्ही नोकरी जाई..."

...

नाव गेलं.

दुसऱ्या रात्री कंपनीने तपासलं, परका फोन नाही. नोकरी टिकली. आजही त्याच वायफायवर काम करते पोरगी.

पण मधली सकाळ सांगायची राहिली. भूपेंद्रने कुलूप उघडलं. चिकटपट्टी जशीच्या तशी, कोपरासुद्धा उचकटलेला नाही. त्याने ती हळूच सोलली.

आतल्या, चिकट बाजूला अंगठ्याचा ठसा होता. निळा.

ओला.