दुसऱ्या टेबलावरचे हात

ही घटना खरी आहे. आमच्या शेजारच्या गेझाबाईंच्या बाबतीत घडलेली. मला ती नीट सांगता येईल की नाही, एवढीच धास्ती आहे.

हॅम्बुर्ग. डिसेंबर १९५४. गुरुवार, दुपारचे साडेचार.

टेलिव्हिजनवर हस्तकलेच्या कार्यक्रमात फ्राउ लिंडेमान, म्हणजे लिंडेमानबाई, गोड बोलायच्या, पण त्यांचे हात थरथरत. म्हणून जवळून दिसणारे हात दुसऱ्याच बाईचे असत. ती आडोशाला, दुसऱ्या टेबलाशी, दुसऱ्या कॅमेऱ्यासमोर बसे. सगळं थेट प्रक्षेपण. चुकलं की घराघरांत दिसणार.

जवळजवळ दोन वर्षं ते हात थेक्लाचे होते. ऑक्टोबरात ती न्यूमोनियाने गेली. तिच्या जागी गेझा आली.

तेव्हापासून कानावर एकच नाव. थेक्ला.

"हात आहेत का बटाटे, गेझा?" तालमीत कॅमेरामन ओडो म्हणाला. "थेक्लाचे एव्हाना काड्यांचे तीन तारे झाले असते!"

"मग तिलाच बोलवा की!"

ओडो हसला नाही. "आज बिघडलं ना, तर पुढच्या गुरुवारी दुसरी बाई येणार. वरून सांगितलंय."

गेझा त्या मेलेल्या थेक्लावर जळत होती. जिवंत बाईचाही तिने कधी इतका मत्सर केला नव्हता.

लाल दिवा लागला.

नाताळच्या सजावटीचा, गव्हाच्या काड्यांचा तारा करायचा होता. चौथी काडी मोडली. धागा सुटला. संपलं सगळं... गेझाने हात मांडीवर ओढून घेतले.

कुणी ओरडलं नाही.

"आता गाठ अशी आवळायची..." पलीकडे फ्राउ लिंडेमान शांतपणे सांगत होत्या.

घराघरांत काय दिसतंय ते दाखवणाऱ्या शेजारच्या छोट्या पडद्याकडे गेझाने पाहिलं.

दोन हात गाठ आवळत होते.

तिने टेबलाकडे पाहिलं...

तिथे हात नव्हते. मोडक्या काड्या तशाच पडलेल्या.

दिवा विझला. कॅमेऱ्याच्या छोट्या काचेला लावलेला डोळा बाजूला करून ओडो धावत आला. "वा गं बाई! अगदी थेक्ला! नोकरी पक्की झाली तुझी!"

"सराव केला होता," गेझा म्हणाली.

मग आठवडाभर तिने खरोखरच सराव केला. पुढच्या गुरुवारी स्वतःच्या हातांनी तारा पुरा केला. एकही काडी मोडली नाही.

पडद्यावर मात्र... दुसराच तारा होत होता.

तिच्यापेक्षा सुंदर.

सहा वर्षं तिने ती नोकरी केली.

"भीती नाही हो वाटायची," गेझाबाई मला म्हणाल्या. "नुसती जळायचे मी."

सहा वर्षं पडद्यावर हात कुणाचे दिसत होते, हे विचारायचं मला धैर्य झालं नाही. अजूनही होत नाही...