अब्बा पमूनची भिंत

आमच्या गावावरच्या कड्यात जुन्या राजांच्या काळातली थडगी आहेत. त्यातल्या एकात अब्बा पमून या तपस्व्यानं स्वतःला कोंडून घेतलं, तेव्हा दाराची भिंत मीच रचली. मी कोलुथ, गवंडी. हात जाईल एवढं भोक ठेव, असं त्यानं सांगितलं होतं. दर रविवारी मी त्यातून सहा वाळक्या भाकरी आणि पाण्याचा बुधला आत सरकवायचो. बुधला रिकामा परत यायचा, सोबत खजुराच्या पात्यांची एक टोपली.

अकरा वर्षं हे चाललं.

संत खरा, पण जीभ विंचवाची. “गाढवा, मीठ कमी आहे,” एवढाच आशीर्वाद. पाच वर्षांपूर्वी एकदा म्हणाला, “तुझा भाऊ तुझ्या मुळावर उठलाय. हाकल त्याला.” संताचा शब्द. मी भावाला बायकोपोरांसकट बाहेर काढलं. त्या उन्हाळ्यात ती सगळी वाळवंटात तहानेनं मेली.

यंदा पूर ओसरल्यावर नावाडी शेनूफ धापा टाकत आला. “नदीपलीकडच्या गावचे लोक काठ्या घेऊन निघालेत. म्हातारा आज-उद्याचा सोबती, म्हणतात. मढं उचलून नेणार, त्यांच्या देवळात पुरायला.”

आमचा आधीचा संत त्यांनी असाच पळवला होता. पाद्री पिसेंतबाबा ताडकन उठले. “जिवंत असो की मेलेला, आजच खाली आणायचा. कोलुथ, पहार घे.”

भर दुपारी आम्ही तिघं वर चढलो. कडा तव्यासारखा तापला होता. मी भोकाशी वाकलो. आतून गार हवा आली. तिला कसलाच वास नव्हता.

“अब्बा, तुम्हाला न्यायला आलोय.”

“भिंतीला हात लावू नकोस, कोलुथ.”

“पलीकडचे येतायत, अब्बा!”

“येऊ देत. तेही कुत्रे, तुम्हीही कुत्रे.”

शेनूफ हसला. “म्हातारा ठणठणीत आहे की!”

पिसेंतबाबांनी खूण केली. मी पहार घातली. वरच्या विटा निघाल्या, उजेड आत पडला.

अब्बा पमून समोरच्या कोपऱ्यात गुडघे पोटाशी घेऊन बसला होता. कातडी हाडांना चिकटून चामड्यासारखी झाली होती. डोळ्यांच्या खाचांत कोळ्यांनी जाळी विणली होती, तीही जुनी, धुळीनं भरलेली.

भिंतीलगत भाकरी रचून ठेवल्या होत्या, सहा-सहाच्या थप्प्या, थेट छतापर्यंत. एकीचाही तुकडा मोडलेला नव्हता.

जमिनीवर बोटभर धूळ होती. पावलाचा ठसा कुठंच नव्हता.

“मग आत्ता बोललं कोण?” शेनूफनं विचारलं.

पिसेंतबाबा पांढरे पडले होते. “तोंड मीट,” ते म्हणाले. “गावात एक शब्द निघता कामा नये.”

खाली नदीकाठी आरडाओरडा ऐकू येऊ लागला. आम्ही देह चादरीत गुंडाळला. तो टोपलीएवढा हलका होता. वाटेत पलीकडच्यांनी गाठलं, शेनूफचं डोकं फुटलं, पण देह आम्ही सोडला नाही. संध्याकाळी देवळात धूप जळत होता, बायका रडत चादरीची टोकं ओठांना लावत होत्या.

मला रडू येईना. मी भावाचा विचार करत होतो. त्याला हाकल, असं मला कुणी सांगितलं?

दुसऱ्या दिवशी पहाटेच पिसेंतबाबांनी मला एकट्याला बोलावलं. “थडग्याचं दार बुजवून टाक. भोकसुद्धा ठेवू नकोस.”

मी भल्या सकाळी चिखल कालवून गेलो. आत बघितलं नाही. हात चालत होते, तोंडानं प्रार्थना चालू होती. आतून काहीच आवाज नव्हता. सूर्य माथ्यावर आला, तेव्हा एकच वीट राहिली.

ती घाईत बसवली, जरा तिरकी बसली. ठोकायला मी हात उचलला.

कुणीतरी आतून ती हळूच सरळ केली.