पाटाच्या पोटाचा शेंदूर

सृष्टीच्या आरंभी स्वर होता. स्वरातून अक्षर उमटलं, अक्षरातून पाणी वाहिलं आणि पाण्यातून आपण सारे झालो.

तांबरी ग्रहावरच्या एकुलत्या एका वस्तीत हे वाक्य सार्वजनिक नळाच्या वर हातभर उंचीच्या अक्षरांत कोरलेलं होतं. खालच्या नळाला अकरा दिवस पाणी नव्हतं.

तिथली पद्धत अशी. वर्षातून एकदा जलदार उघडायचं आणि वर्षाचं पाणी भरून घ्यायचं. या दाराला कडी नाही, किल्ली नाही. समोर एका खुंटावर तांब्याचा पातळ पाट आडवा बसवलेला. त्यावर बारीक वाळू पसरायची आणि गायिकेने अगदी जवळ उभं राहून पोथीतला स्वर लावायचा. मग वाळू पळापळ करायची आणि तिचं आपोआप एक अक्षर व्हायचं. तेच अक्षर दारावर कोरलेलं होतं. दोन्ही जुळली की दार उघडे. लोक याला जादू समजत आणि प्रश्न विचारणाऱ्याला उद्धट.

अलीकडे जादू बिघडली होती. पहिल्या गायिकेला अक्षर उमटवता येत नसे. वस्तीचा कारभार पाहणारं अक्षरमंडळ मग तिला बाहेरच्या दारातून बाहेर काढी. बाहेर हवा नाही, त्यामुळे तक्रार करायला कोणी परत आलेलं नव्हतं. त्यानंतर दुसरी गायिका लटपटत उभी राही आणि तिच्या स्वराने मात्र दार उघडे. यावरून मंडळाने असं शास्त्र बनवलं, की एक गायिका बाहेर काढल्याने विद्या प्रसन्न होते. यंदा दोघी काढून झाल्या, तरी विद्या रुसलेलीच. उद्या दुपारी तिसरीची पाळी होती. ती कालिंदी, दहा वर्षांच्या कौमुदीची आई.

"बापूआजोबा, आईचा सूर चुकतोय का हो?" कौमुदीने विचारलं.

बापूआजोबा म्हणजे कालिंदीचे वडील, वस्तीतले शेवटचे शास्त्रज्ञ. मंडळाने त्यांची प्रयोगशाळा काढून घेतली होती आणि प्रार्थनेला पखवाज वाजवण्यापुरतं त्यांना ठेवलं होतं.

"चुकत नाहीये, तीच तर पंचाईत आहे," ते म्हणाले. "हे बघ, पाट थरथरतो तेव्हा सगळीकडे सारखा थरथरत नाही. काही रेषा अगदी शांत असतात. थरथरणाऱ्या जागेवरची वाळू उडते आणि शांत रेषांवर जाऊन बसते. त्याची नक्षी होते, तेच आपलं अक्षर. दारावरचा कॅमेरा ते बघतो आणि दार उघडतो. यात जादू कुठेच नाही."

"मग कुठलाही स्वर चालेल?"

"नाही ना! प्रत्येक वस्तूची एक नैसर्गिक वारंवारता असते (टिचकी मारल्यावर ती वस्तू एका सेकंदात जितक्या वेळा थरथरते, तो आकडा). आपला स्वर त्या आकड्याशी जुळला, तरच पाट जोरात थरथरतो. याला म्हणायचं अनुनाद (झोपाळ्याला नेमक्या वेळी ढकललं की तो उंच जातो, तसं). पोथीतला आकडा मी स्वतः गणित करून तपासलाय. बरोबर आहे. जा, कणीक आण."

"प्यायला पाणी नाही आणि तुमच्या पखवाजाला कणीक?" कालिंदी म्हणाली.

"उद्या तुझ्या निरोपाला वाजवायचाय बाळ. बेसूर वाजवू?"

कौमुदीने चमचाभर पाण्यात कणीक भिजवली आणि रोजच्यासारखी पखवाजाच्या डाव्या पुडीवर थापली. आजोबांनी थाप मारली.

"जास्त लावलीस. आवाज फार खाली गेला. काढ थोडी."

"कणकेने आवाज खाली का जातो?"

"वजन वाढतं. जड झालेली वस्तू सावकाश थरथरते, म्हणून..."

"आजोबा, आपण पाटाच्या पोटाला, खालच्या बाजूने, दरवर्षी शेंदूर लावतो ना?"

आजोबांचा हात पखवाजावरच राहिला.

"तेलात कालवून, सगळीकडे सारखा," कालिंदी हळूच म्हणाली. "एकशे चार वर्षं."

"आणि खरवडतात कधी?"

"शेंदूर कोण खरवडेल, बाबा?"

"चाळीस वर्षं कणीक थापून घेतोय मी!" आजोबांनी कपाळावर हात मारून घेतला. "सगळीकडे सारखा थर, म्हणून अक्षर तेच राहिलं. पाटाचा स्वर मात्र दरवर्षी खाली खाली जात राहिला."

"म्हणजे दुसऱ्या पोरी घाबरायच्या, दम पुरायचा नाही, सूर घसरायचा... आणि दार उघडायचं," कालिंदी म्हणाली. "आणि ज्या बरोबर गायल्या, त्या..."



दार उघडतं तो सणाचा दिवस सोडून पाटाला हात लावणाऱ्याला मंडळ तेच बाहेरचं दार दाखवी. तेव्हा खरवडणं शक्य नव्हतं. खाली गाणं शक्य होतं.

दुसऱ्या दिवशी दुपारी कालिंदीने आधी पोथीतला स्वर लावला. वाळू ढिम्म. बाहेरच्या दाराशी उभ्या असलेल्या दोघा शिपायांनी सवयीने कडीला हात घातला. कालिंदी स्वर खाली आणू लागली.

"अहो बाई, पोथीबाहेर जाताय!" मंडळाचे अध्यक्ष विश्वासराव ओरडले.

ती आणखी खाली गेली. यंदा दुसरीचा घसरलेला सूरही पाटाला पुरला नव्हता. इतकं खाली वस्तीत कोणी गायलं नव्हतं. आणि वाळूचा एक कण हलला. मग चार. मग सगळी वाळू धावली, अक्षर झालं, दार कुरकुरत उघडलं आणि पाणी आलं.

लोक पाण्याकडे धावले. कौमुदी भिंतीकडे बघत होती. तिथे एका पाटीवर 'सूर चुकलेल्या' असं लिहून खाली एकोणीस नावं होती. शेवटच्या दोन नावांचा रंग अजून ओला होता.

"ही पाटी बदलावी लागेल," आजोबा म्हणाले. "आणि का बदलली, ते तुझ्या वर्गातल्या प्रत्येक पोराला कळावं लागेल. ते तू शिकवशील."

तेवढ्यात विश्वासराव चौथऱ्यावर चढले. "विद्या प्रसन्न झाली! या आनंदाप्रीत्यर्थ आज आणि आत्ता पाटाला शेंदराचे सात हात!"

गर्दीने जयघोष केला. तो थांबेपर्यंत कौमुदी थांबली आणि मग तिने हात वर केला.

"काका, कोणाकडे एखादं जुनं उलथनं आहे का?"